पेटीला वारा

चैत्र लागला की इथं कोकणात एकाच शब्दाचा मारा सुरू होतो. सकाळी सातला पत्र्याच्या शेडमध्ये शिरावं तर जो तो तेच बोलत असतो. पेटी भर. पेटी उचल. ही पाच डझनाची पेटी, ती सहाची, दोन्ही एकात एक करू नको. फळ्यांची पेटी, तळाला वाळलेलं गवत, गवतावर आंबे, आंब्यांवर पुन्हा गवत, वरून फळी आणि खिळे. गेली नऊ वर्षं मी हे काम करते. हात आपोआप चालतात. पण दरवर्षी ह्या महिन्यात माझं मन काही जाग्यावर राहत नाही.

परवा माझ्या शेजारी बसणाऱ्या बाईनं एक तडकलेली पेटी पायानं सरकवली आणि म्हणाली, ही बाद आहे, जळणात टाक. साधी गोष्ट होती. तिला बिचारीला काय माहीत. पण पायानं सरकवलेली पेटी बघून माझ्या अंगाची आग झाली. मी ती उचलली, भिंतीकडेला नीट ठेवली आणि पुढची पेटी भरायला घेतली. घरी आल्यावर ह्यांनी विचारलं, काय झालं. काही नाही म्हटलं. काय सांगणार, की अठरा वर्षांपूर्वीचा राग अजून उतरलेला नाही?

वालूरच्या पलीकडं, दुधना नदीच्या अंगाला आमचं गाव. तिथं ह्या एका शब्दाला किती धनी होते. माय चुलीपुढं बसून पेटी मागायची तेव्हा ती काडीपेटी असायची. पोरीचं लग्न ठरलं आणि माणसं पेटी आणायला मानवतला गेली म्हटलं की पत्र्याची, झाकणावर कमळ रंगवलेली. मतदान होऊन गेलं की दोन दिवस पारावर पेट्यांच्याच गप्पा. मशिनी आल्या तरी आमच्याकडं म्हातारी माणसं पेटीतच मत टाकतात. देवळाच्या दारात दानपेटी, शाळेच्या भिंतीवर तक्रारपेटी. पुढं लग्न झाल्यावर ह्यांच्याबरोबर पुण्याकडं बांधकामावर राहिले तेव्हा आणखी एक भेटली. मोठ्या ठेकेदाराच्या हाताखाली जो छोटा ठेकेदार असतो त्याला तिकडं पेटी ठेकेदार म्हणतात. काम सगळं त्याच्या माणसांचं, पाटीवर नाव वरच्याचं, आणि भिंतीला ओल आली की दोष परत खालच्याचा. ते ऐकलं तेव्हा मला वाटलं होतं, ह्या माणसाला मी ओळखते. ह्याच्यासारखं माझंही झालं आहे.

पण संध्याकाळी मारुतीच्या देवळात दिवा लागल्यावर कुणी पेटी म्हटलं, तर गावातल्या लहानथोराला एकच पेटी दिसायची. आबांची पेटी. म्हणजे पेटी देवळाची, गावानं वर्गणी काढून आणलेली, पण वाजवायचे माझे वडील, म्हणून आबांची. तिला हार्मोनियम म्हणताना मी गावात कुणाला ऐकलं नाही. काळपट लाकडाची होती. एका पांढऱ्या पट्टीचा टवका उडालेला, तिथं आबांनी कंगव्याचा तुकडा दगडावर घासून घासून बसवला होता. वाजवताना त्या पट्टीवर बोट आलं की जरा खरखर लागायची. अजून माझ्या उजव्या तर्जनीला ती खरखर आठवते.

आमची दोन एकर कोरडवाहू. दसऱ्याला सोनं वाटून झालं की गावातून टोळ्या ऊसतोडीला निघायच्या आणि पाडव्याच्या मागंपुढं परतायच्या. आबा आणि माय त्यांत असायचे. तिसरीपर्यंत मीही गेले त्यांच्यासोबत, पाचटाच्या कोपीत, उसाच्या पाल्याच्या झोपडीत राहिले. चौथीपासून कौसाआत्यानं मला ठेवून घेतलं. कौसाआत्या आबांची थोरली बहीण. तरणेपणी विधवा होऊन परत आलेली. देवळाला लागून एक खोली होती, तिच्यात राहायची आणि मंडप झाडायची, समईला तेल घालायची. गाभारा झाडायचं काम मात्र तिच्याकडं नव्हतं. मारुतीचा गाभारा, तिथं बाईचं काय काम.

जायच्या आदल्या दिवशी आबा मला पेटीपाशी बसवायचे. सगळ्या सांगण्यात एकच महत्त्वाचं असायचं.

“उशे, रोज पेटीला वारा दे. भाता बंद ऱ्हायला की उंदरं घर करतेत. पट्टीला बोट लावू नको. निस्ता वारा.”

पेटीला वारा देणं म्हणजे काय, ते आमच्याकडं ज्याच्या घरात पेटी आहे त्यालाच कळतं. मागचा भाता उघडायचा, दाबायचा, उघडायचा, दाबायचा. पट्टी दाबायची नाही म्हणजे सूर निघत नाही. आतून नुसता एक श्वास येतो, सूंऽ करून, आणि त्याला कापराचा आणि जुन्या कातड्याचा वास असतो. पेटी झोपेत श्वास घेते आहे असं वाटायचं. पहिली दोन वर्षं मी खरंच बोट लावलं नाही. रोज शाळेतून आले की आत्याच्या हातची भाकर खायची, मंडपात जाऊन शंभर वेळा भाता ओढायचा, पेटीवर आबांचं जुनं उपरणं झाकायचं.

मग कधीतरी एक पट्टी दाबली. मुद्दाम म्हणा, चुकून म्हणा. सूर निघाला तेव्हा आत्या समईची वात सरळ करत होती. तिनं मागं वळून पाहिलं आणि परत वात सरळ करायला लागली. तिचं ते गप्प बसणं, ह्या जन्मात मी त्याचं काय करू, किती वेळा पाया पडू.

ज्या दिवसांबद्दल मी लिहिते आहे ते माझ्या नववीचे. थंडीत ज्वारी डोक्याएवढी उभी होती. आमच्याकडच्या ज्वारीची थंडी निराळीच, पहाटे धाटांवरून पाणी टपकायचं आणि दिवसभर अंगाला हिरवा वास यायचा. हुरड्याच्या दिवसांत मंडपात कुणी फिरकायचं नाही. मी पेटीच्या झाकणावर इतिहासाचं पुस्तक उघडं ठेवायची, डाव्या हातानं वारा द्यायची आणि वाचायची. पान उलटायला उजवा हात. धडा पाठ झाला की तोच उजवा हात पट्ट्यांवर. आबा हरिपाठ ज्या चालीनं वाजवायचे ती चाल मला लहानपणापासून कानानं पाठ होती, बोटानं ती नुसती शोधायची होती. माघ संपेपर्यंत सापडली. त्या वर्षी मी वर्गात तिसरी आले होते सहामाहीला. मला वाटायचं ह्या दोन्ही गोष्टी एकच आहेत, त्या सनावळ्या आणि ते सूर. एका हाताला वारा द्यायचं काम असलं की डोक्यात सगळं नीट बसतं. आजही मला वारा दिल्याशिवाय काही पाठ होत नाही. रेशनकार्डाचा नंबर पाठ करताना माझा डावा हात हलतो, पोरं हसतात.

त्या साली साखर कारखान्याचा हंगाम लांबला. पाडवा झाला तरी टोळ्या परतल्या नाहीत. हनुमान जयंतीचा सप्ताह तोंडावर. पंचांनी जिंतूरकडच्या एका पेटीमास्तरला सांगून ठेवलं होतं, पण चैत्रात गावोगाव सप्ताह, त्यानं दोन गावांना होकार दिलेला. तो दुसऱ्या गावी गेला. सप्ताहाच्या पहिल्या संध्याकाळी मंडपात माणसं जमली, टाळ आले, पखवाज आला, आणि पेटीपुढं कुणी नाही. नाना तिथं मुख्य. नाना म्हणजे देवळाच्या पंचांतले सगळ्यांत वडीलधारे, ज्यांच्या शब्दाला गाव मान देई. अजून मी त्यांना नानाच म्हणते, तोंडाला वळण पडलंय. नाना म्हणाले, पेटीशिवाय करा. तेव्हा खांबामागून कौसाआत्या बोलली की पोरगी वाजवते. माणसं हसली. कुणीतरी म्हणालं, वाजवू द्या की, गंमत तर बघू.

मी वाजवलं. पहिलं कडवं संपेपर्यंत गंमत बघणारे गंमत विसरले होते. टाळकऱ्यांचे पाय नीट पडायला लागले. दुसऱ्या दिवशी बाया मुद्दाम पुढं येऊन बसल्या. तिसऱ्या दिवशी नानांनी स्वतः माझ्याकडं बघून मान डोलावली. माझा मराठीचा पेपर झाला होता, गणिताचा राहिला होता, आणि मला पेपरची आणि पेटीची, दोन्हीची भीती उरली नव्हती. आयुष्यात मला भीती नव्हती असे मोजून तीन दिवस. तेच ते.

चौथ्या दिवशी कुणाच्या तरी मनात आलं. कोणाच्या ते मला आजपर्यंत कळलं नाही. पोरगी पंधराची आहे, वयात आलेली. चार दिवसांत कधी तिची अडचण असली आणि तिनं सांगितलं नाही तर? मारुतीचं ठिकाण. त्यांनी मला विचारलं नाही. आत्यालाही विचारलं नाही. विचारलं असतं तर आत्यानं सांगितलं असतं की तसं काही नाही, आणि त्यापुढचंही सांगितलं असतं, म्हणून विचारलं नाही. नाना एवढंच म्हणाले, शंका नको. त्यांचा आवडता शब्द होता तो. शंका नको. मला पेटीपासून उठवलं आणि मंडपाच्या पायरीखाली उभं केलं.

पुढं जे झालं ते मी डोळ्यांनी पाहिलं आहे, म्हणून इथं सावकाश लिहिते. पेटी शुद्ध करायचं ठरलं. आमच्याकडं गोदावरीला गंगाच म्हणतात. घरोघर देव्हाऱ्यात गंगेचं पाणी असतं. नानांच्या घरून तांब्या आला. नानांनी तुळशीच्या पानानं पेटीवर चार थेंब शिंपडले. तेवढ्यावर थांबते तर काही बिघडलं नसतं. पण दुसरे पंच म्हणाले, वरून शिंपडून काय उपयोग. वारा तर आतून येतो. पोरीनं वारा दिला तो आत गेलाय. मग आतूनबी शुद्ध व्हायला पायजे. आणि शहाणी, कीर्तनं ऐकलेली, चार गावांत मान असलेली ती माणसं ह्या बोलण्याला माना डोलवू लागली. कुणीतरी वरचं झाकण उचललं. प्रत्येकाच्या घरचं गंगेचं पाणी, कुणाचं वाया का जावं. आधी तुळशीचं पान, मग ओंजळ, शेवटी तांब्याच. त्यात कुणीतरी गोमूत्र घातलं. पाणी खालून मंडपाच्या फरशीवर आलं तेव्हा सगळ्यांचं समाधान झालं.

मी पायरीखालून ओरडले होते. पेटीत पाणी घालू नका म्हणून. आयुष्यात मोठ्या माणसांवर तेवढीच एकदा ओरडले. नानांचा मुलगा मला म्हणाला, तू गप. आत्या मधे पडली. ती काय म्हणाली ते शब्दन् शब्द आठवतं.

“देवाला तिचं वाजवणं चाललं तीन दिस. त्यानं तर काई म्हणलं न्हाई. तुमालाच कामून चालंना?”

तिला कुणी उत्तर दिलं नाही. उत्तर न देणं हीच आमच्याकडं बाईला दिलेली शिक्षा.

दुसऱ्या दिवशी दुसऱ्या कुणाला तरी बसवलं तर पेटी वाजेना. पट्ट्या फुगून एकमेकींना धरून बसल्या होत्या. एक दाबली की तीन खाली जायच्या आणि वर यायच्या नाहीत. एकच सूर अडकला, भाता हलेल तोवर रडत राहिला, मग तोही बसला. आणि लगेच, त्याच मंडपात, अजून फरशी नीट वाळली नव्हती तोवर, बोलणं सुरू झालं की पोरीनं हात लावला, पेटी मुकी झाली. ज्यांच्या हातात आदल्या दिवशी तांब्या होता त्यांच्याच तोंडून. मला आज इतकी वर्षं झाली तरी हे समजत नाही. त्यांना खरंच पाणी आठवत नव्हतं? का पवित्र पाण्यानं काही बिघडतं हा विचारच मनात येत नाही? मी गणिताच्या पेपरात हे कोडं सोडवत बसले. तीन तास. पास झाले कशीबशी.

शाळेच्या भिंतीवर तक्रारपेटी होती, लाल रंगाची. पेपर देऊन बाहेर आले आणि वहीच्या मागच्या पानावर लिहिलं: पेटी मी बिघडवली नाही, पेटीत पाणी टाकलं, मी नको म्हणत होते. खाली नाव, इयत्ता, तुकडी. घडी करून फटीतून आत टाकली. महिनाभर वाट पाहिली. मग शिपायानं सांगितलं की त्या कुलपाची किल्ली कधीच हरवली आहे, पेटी वरून आलेली म्हणून लावली आहे. मला वाटतं ती चिठ्ठी अजून तिथंच असेल. एका पेटीबद्दलचं खरं दुसऱ्या पेटीत कुलूपबंद. शाळा, देऊळ, पंच, कुणाकडंच उघडायची किल्ली नाही आणि कुणाला तिची गरजही नाही. ह्याचा राग येऊ नये तर कशाचा यावा?

पण खरा घाव त्यांचा नव्हता.

काल्याच्या दिवशी टोळीचा ट्रॅक्टर आला. आबा अंगावरची धूळ न झटकता सरळ देवळात आले. माझा जीव भांड्यात पडला. आता आबा पेटी उघडतील, आत बघतील आणि सांगतील. पेटीतलं आबांइतकं गावात कुणाला कळत होतं? त्यांनी चार स्क्रू काढले. झाकण उचललं. मी त्यांच्या मागंच उभी होते, मलाही दिसलं. पितळेच्या सुरांवर, आवाज काढणाऱ्या त्या बारीक जिभांवर हिरवा कळंक चढायला लागला होता, तारांना गंज. भाता मागं धडधाकट, कोरडा. आबांनी बराच वेळ आत पाहिलं. मग नानांकडं पाहिलं. नानांचा भाचा टोळीचा मुकादम होता. कुणाला कोणत्या टोळीत घ्यायचं, कुणाला नाही, ते त्याच्या हातात. आबांनी झाकण लावलं.

“भाता गेलाय,” ते म्हणाले. “पोरीनं लय ओढला असंल.”

एवढंच. उपरणं झाकलं आणि जेवायला बसले पंगतीत. मी तिथंच उभी. माय मला हाताला धरून घरी घेऊन गेली. त्या दिवसानंतर आबांनी कुठलीच पेटी वाजवली नाही, आणि मी त्यांना कामून असं म्हणलात म्हणून विचारलं नाही. आम्ही दोघं बापलेक अठरा वर्षं पावसाबद्दल बोलतो, आधी समोरासमोर, आता फोनवर.

मला गावात ठेवायला आत्याकडं एक निमित्त होतं, पेटीला वारा द्यायचं. ते गेलं. नानांनी निरोप धाडला की देवळाच्या खोलीत वयात आलेली पोर बरी नाही दिसत. शंका नको. दहावीची पुस्तकं आली होती. वर्तमानपत्राची कव्हरं घातली होती मी, नाव घालून. दसऱ्यापर्यंत शाळेत गेले आणि दसरा झाल्यावर कोयता हातात घेऊन टोळीबरोबर गेले. पुस्तकं आत्यानं जपून ठेवली होती. ती गेली तेव्हा खोली रिकामी करताना रद्दीत गेली. मी शिकले नाही त्याला कारणं पुष्कळ आहेत, गरिबी आहे, पाऊस आहे, तोड आहे, सगळं आहे. पण कुणी विचारलं की शाळा का सुटली, तर माझ्या डोळ्यांपुढं तांब्या येतो.

आणि माझं नाव. ह्या गोष्टीवर तर मी कुणाशी बोलूही शकत नाही. आमच्याकडं आता मोटार जळाली, दूध नासलं, मोबाईल बंद पडला की सहज म्हणतात, उशीचा हात लागला का. मागं लग्नाला गेले होते तेव्हा अंगणात खेळणारं एक सहा वर्षांचं लेकरू आपल्या बहिणीला असं म्हणालं. त्याला उशी म्हणजे कोण, काही माहीत नव्हतं. मी त्याच्यासमोर बसून शेंगा सोलत होते. एका शब्दाला हजार अर्थ असतात ते मला मान्य आहे, पेटीला असोत. पण माझ्या आईबापानं ठेवलेल्या नावाला हा अर्थ कुणी लावला? आणि लावताना पाणी कुणी टाकलं ते कुठं गेलं?

मी कृतघ्न नाही. इथं देवाच्या दयेनं बरं चाललं आहे. बागेच्या मालकीणबाई, आम्ही त्यांना काकीच म्हणतो, त्यांच्या सासऱ्यांची पेटी माळ्यावर पडून होती. इकडं बुवा लोक स्वतः पेटी वाजवून भजन म्हणतात, घरोघर पेट्या. एकदा माळा झाडताना मी ती पाहिली आणि पट्टीला हात न लावता नुसता भाता उघडून वारा दिला. काकी खालून बघत होत्या. म्हणाल्या, वाजव मगे. मी म्हटलं, नको, बिघडेल. त्या म्हणाल्या, बिघडली तर माजी बिघडतली, तुजा काय जाता. इतकं सरळ आजवर मला कुणी बोललं नव्हतं. त्या रविवारपासून त्यांच्या पडवीत मी वाजवते, त्या ऐकतात. तरी अजून पट्टी दाबायच्या आधी माझं बोट जरा थांबतं. न जाणो एखादा सूर अडकेल आणि लोक माझ्याकडं बघतील. काकींची पेटी, काकींची पडवी, काकींचं मन इतकं मोठं, आणि माझी बोटं अजून त्या मंडपाच्या पायरीखाली उभी.

ह्या चैत्रात गावानं नवी पेटी घेतली. ह्यांच्या चुलतभावानं कळवलं. माझ्या मनात आधी आनंद आला, मग त्याच्यामागून राग. जुनी मुकी पेटी अठरा वर्षं कोपऱ्यात ठेवून तिच्याकडं बोट दाखवलं, आता नवी आली की तीही गोष्ट मिटवून टाकतील. खरं कोण सांगणार? आत्या नाही. मी दीडशे कोसांवर. पाण्याची गोष्ट ज्यांनी पाहिली ते एकेक करून जात आहेत. दोन-चार वर्षांत फक्त माझं नाव उरेल.

काल दुपारच्या सुट्टीत आबांचा फोन आला. आबा स्वतःहून फोन करत नाहीत. नंबर बघून मनात आलं, मायचं काही झालं की काय. म्हटलं, दवाखान्यात आहात का. ते म्हणाले, न्हाई, घरीच हाय, बाजेवर बसलोय. मग थोडं थोडं करून सांगितलं. सप्ताहाची बैठक होती देवळात. नवी पेटी मधे ठेवलेली. नानांचा मुलगा आता पंचांत बसतो, तो हसत हसत म्हणाला, हिला जपा, उशीचा हात लागू देऊ नका. सगळी हसली. आबा मागच्या खांबापाशी बसले होते. अठरा वर्षं बसतात तसे.

ते उठून उभे राहिले आणि बोलले. काय बोलले ते त्यांनी मला दोन वाक्यांत सांगितलं. पाणी तुम्ही टाकलं होतं. भाता साबूत होता, मी खोटं बोललो होतो. नाना तिथंच होते, आता त्यांना ऐकू कमी येतं, त्यांनी मुलाला विचारलं हा काय म्हणतो, मुलगा काहीच बोलला नाही. कुणी हो म्हणालं नाही, कुणी नाही म्हणालं नाही. दोन माणसं तंबाखू झटकून उठून गेली. बैठक मोडली. आबा सांगत होते की ह्या सप्ताहाला कुणी त्यांना पंगतीला बोलावलं नाही तर त्यांना वाईट वाटणार नाही, आणि हे सांगताना त्यांना वाईट वाटत होतं हे मला स्पष्ट ऐकू येत होतं. त्यांना तिथंच राहायचं आहे, त्याच पारावर, त्याच माणसांत. मी इथं आहे, सुरक्षित. मला त्यांच्यासाठी भीती वाटायला लागली. आणि त्या भीतीतही एक काहीतरी छातीत सैल झालं, जे मी पंधराची होते तेव्हापासून धरून ठेवलं होतं.

आबा म्हणाले, मग ठेवतो.

“आबा, थांबा. ते परत म्हणा.”

“काय परत म्हणू?”

“देवळात जे म्हणलात ते. मी न्हवते तिथं. मला ऐकायचंय.”

मग पलीकडं बाज करकरली. आबा उठून उभे राहिले होते. त्यांनी घसा साफ केला आणि माणसांनी भरलेल्या मंडपात बोलावं तसं, एकेक शब्द सुटा करून, ते मोठ्यानं म्हणाले,

“माझ्या पोरीनं पेटी बिघडवली न्हाई.”